जोतीराम बुरुंगले, कुस्ती आणि केबल

वडगाव निंबाळकरच्या जोतीराम बुरुंगलेला बारामती-इंदापूर भागात चेहऱ्यानं ओळखणारे थोडे आणि आवाजानं ओळखणारे फार. एसटीत बसून त्यानं नुसतं "एक इंदापूर" म्हटलं की पुढच्या बाकावरची बाई मागं वळायची आणि शेजारणीला कोपरानं ढोसायची. कंडक्टर तिकीट फाडता फाडता थांबायचा. "तुमीच का हो ते कुस्तीवालं? मग जरा टीव्हीत म्हणता तसं म्हणा की, इंदापूर." जोतीराम काही भिडस्त नव्हता. तो घसा साफ करायचा, 'इं'वर जरा रेंगाळायचा, 'पूर'ला हलगीचा ठोका द्यायचा आणि अख्खी गाडी हसायची. टीव्हीवर त्याचं तोंड कधी दिसलंच नाही, कारण कॅमेरा एकच होता आणि तो मातीकडं लावलेला असायचा. तरी नव्वदच्या दशकात आमच्या भागात टीव्हीवरचा माणूस म्हणजे हाच.

एरवी तो गावातल्या दूध संकलन केंद्रावर होता. सकाळ-संध्याकाळ दूध मोजायचं, फॅट काढायची आणि फॅट कमी लागली म्हणून भांडायला आलेल्यांची समजूत घालायची. या कामात त्याचा हात कुणी धरला नसता. सगळ्या गावाची समजूत घालणाऱ्या या गड्याला एकट्या आईची समजूत घालता आली नव्हती, आणि त्याचं सगळं दुखणं तिथंच होतं.

त्याची आई गोजरबाई घरात कुस्तीचं नाव काढू देत नसे. तिचा नवरा रावजी म्हणजे त्या भागातला नावाजलेला पैलवान. बुरुंगल्यांची मेंढरं गेली, कॅनॉलचं पाणी आलं, उसाची शेती झाली, घर बदललं, पण रावजीचा जीव तालमीतच. म्हशीचं पहिलं दूध त्याला, बदाम त्याला, तूप त्याला. गोजरबाईच्या वाट्याला ताक आणि मातीनं भरलेले लंगोट धुणं. जत्रांच्या दिवसांत तो आठवडा आठवडा घरी यायचा नाही. आला की त्याच्या फेट्याच्या ऐटीवरून तिनं ओळखायचं, जिंकला की हरला. कारण कुस्त्यांच्या फडावर बायकांनी जायचं नसतं. कुणी तसा नियम केलेला नव्हता, पण कुणी मोडलेलाही नव्हता. तिनं उमेदीची सगळी वर्षं एक पैलवान पोसला आणि एकही कुस्ती पाहिली नाही.

आणि ज्या देहासाठी एवढं केलं तो देह काविळीनं बघता बघता संपला. जोतीराम तेव्हा शाळेत होता आणि तालमीत जायला लागला होता. बापाचे दिवस झाल्यावर गोजरबाईनं पोराचा लंगोट स्वच्छ धुतला, वाळवला, त्याचे दोन तुकडे केले आणि म्हशीची कास पुसायला गोठ्यात टांगले. जोतीरामची कुस्ती तिथं संपली.

कुस्ती सुटली तरी फड सुटला नाही. एका वर्षी गावच्या जत्रेत निवेदकाचा घसा बसला आणि कुणीतरी माइक जोतीरामच्या हातात दिला. फडावरचा निवेदक म्हणजे काही नुसता कुस्ती सांगणारा नव्हे. जोड कुणाची, तालीम कुठली, वस्ताद कोण, हे तर सांगायचंच. शिवाय पाहुण्यांचा मान राखायचा, इनाम देणाऱ्याचं नाव दोनदा घ्यायचं, उठलेल्यांना बसवायचं आणि चुकलेल्या पोरांचे आईबाप शोधायचे. जोतीरामनं पहिल्याच दिवशी हे सगळं असं निभावलं की पुढं वीस-पंचवीस गावांच्या जत्रा त्याच्याशिवाय होईनात. तो घरी फेटा बांधून आला की गोजरबाई म्हणायची, "तुज्या बापानं अंगानं केलं, तू तोंडानं करतोस. घरात भाकऱ्या तेवढ्याच लागत्यात."

जोतीरामला तिचा राग येत नसे. तिचं काय चुकत होतं? त्याला एवढंच वाटायचं की आईनं एकदा, अगदी एकदाच, बसून कुस्ती ऐकावी. आपला माणूस कशात एवढा रमला होता, ते तिला कळावं. मग रागावायचं तर खुशाल रागवावं, पण कळून रागवावं.

चौऱ्याण्णव साली त्याला नीळकंठराव भेटले. यांचं बारामतीत भिगवण रस्त्याला रेडिओ-टीव्ही दुरुस्तीचं दुकान. दुकानाच्या गच्चीवर डिश लावून त्यांनी केबल सुरू केली होती. अंगानं असे की तालमीच्या दारातला वारा लागला तरी पडतील. पण डोक्यात सारखं काहीतरी चाललेलं. "हिंदी पिक्चर सगळेच दाखवतात," ते जोतीरामला म्हणाले. "आपण आपल्या जत्रा दाखवू. शंभूराज लग्नांचे व्हिडिओ काढतो, तो शूटिंग करेल. तुम्ही बोला. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी कॅसेट बारामतीत लावू. एक कॉपी एसटीनं इंदापूरला, एक दुधाच्या टेम्पोनं तुमच्या वडगावला." तिन्ही ठिकाणी एकाच वेळी लागली म्हणजे झालं प्रक्षेपण, असा त्यांचा हिशोब. जोतीरामला 'प्रक्षेपण' हा शब्दच इतका आवडला की त्यानं लगेच होकार दिला.

पहिली कॅसेट लागली त्या संध्याकाळी नीळकंठरावांनी त्याला घरीच बोलावलं. लोकांचे रंगीत टीव्ही दुरुस्त करणाऱ्या या माणसाच्या स्वतःच्या घरी अजून ब्लॅक अँड व्हाइटच होता. त्यांच्या बायको मंदाकिनीबाई मुलींच्या शाळेत शिकवायच्या. आळीतली माणसं जमली होती, काही मागं भिंतीला टेकून उभी होती. जोतीराम नवा शर्ट घालून खुर्चीच्या कडेवर बसला.

टीव्हीतून त्याचा आवाज आला, "मागच्यांनी खाली बसून घ्या. ओ, पांढरी टोपी, तुमालाच म्हणतोय." खोलीत मागं उभी असलेली माणसं मुकाट्यानं खाली बसली. एका म्हाताऱ्यानं डोक्यावरची टोपी काढून मांडीखाली घातली.

मग कुस्ती लागली. "लाल लंगोटवाला आत शिरतोय, निळ्यानं त्याला रेटलाय," टीव्हीतला जोतीराम सांगत होता.

"यातला लाल कुठला?" मंदाकिनीबाईंनी विचारलं.

जोतीरामनं पडद्याकडं पाहिलं. दोन राखाडी माणसं राखाडी मातीत झोंबत होती. "त्यो... वरचा," तो म्हणाला. तेवढ्यात वरचा खाली गेला. टीव्हीतल्या जोतीरामला त्याचं काहीच नव्हतं. तो इनाम देणाऱ्यांची नावं घेत होता, आधी देणाऱ्याचं, मग त्याच्या वडिलांचं, मग त्याच्या दुकानाचं. नावं संपली तेव्हा एक पैलवान लोकांच्या खांद्यावर बसून नाचत होता.

"संपली?" मंदाकिनीबाई म्हणाल्या. "कशी संपली? जिंकलं कोण?"

दोघं दुकानात गेले तर तिथला फोन खाली ठेवता येईना. सगळ्यांचं विचारणं एकच, जिंकलं कोण. नीळकंठरावांनी जोतीरामला चहा दिला आणि सांगायचं ते सांगून टाकलं. "फडावरच्या माणसांना सगळं दिसत असतं, तुम्ही त्यांना सांभाळायचं असतं. घरातल्या माणसांना काहीच कळत नाही, त्यांना सांगायचं असतं. पुढच्या रविवारी इंदापूरचा फड आहे. तिथंही असंच झालं तर मी तुमचा आवाज बंद करून वर गाणी लावीन. राग मानू नका."

जोतीरामला राग नाही आला, पण लाज वाटली. वीस-पंचवीस जत्रा गाजवलेला माणूस तो, आणि त्याच्या आवाजावर कुणी गाणी लावणार. घरी येऊन तो जेवेना. त्याची बायको रोहिणी शेजारी सिंधुबाईकडं कॅसेट बघून आली होती. आळीत तेव्हा टीव्ही तिच्याच घरी होता.

"बायका काय म्हणाल्या?" त्यानं विचारलं.

"तुमचा आवाज चांगला हाय म्हणाल्या."

"आन् कुस्ती?"

रोहिणी जरा घुटमळली. "अहो, कुस्ती जिंकली कवा म्हणायची, तेच कुणाला ठावं न्हाय. मला बी न्हाय."

जोतीराम तिच्याकडं बघतच राहिला. ज्या आळीत घराआड एक पैलवान, ज्या बायकांनी घागरभर थंडाई घोटली, त्यांना कुस्ती कशानं जिंकतात हे माहीत नव्हतं. आणि ते त्यांना सांगावं असं गावातल्या एकाही गड्याला वाटलं नव्हतं. स्वतः जोतीरामलाही नाही. त्याच्या डोक्यात तेव्हा लख्ख उजाडलं की टीव्हीसमोर बसणार आहेत त्या याच. गडी तर फडावरच असतात.

दुसऱ्या दिवशी त्यानं गावच्या केबलवाल्याला तीच कॅसेट परत लावायला सांगितली आणि सिंधुबाईच्या घरी जाऊन बसला. आवाज पार बंद करायला लावला. बायका आधी पदर सावरून गप्प बसल्या, पण कुस्ती लागल्यावर त्याला विसरून बोलायला लागल्या. मांडी कशाला बडवतोय त्यो? माती एकमेकांच्या अंगाला का चोळत्यात? त्यो खाली पडला की, मग आता सोडत का न्हाईत त्याला?

"मावशी," जोतीराम सिंधुबाईला म्हणाला, "पालथं पडलं म्हणजे हरलं न्हाय. दोन्ही खांदे मातीला टेकून आभाळ दिसलं पायजे."

"म्हणजे भाकरी उलटल्याबिगर न्हाय," सिंधुबाई सहज म्हणाली.

जोतीरामनं ते वाक्य उचललं आणि आयुष्यभर वापरलं. कुणाचं ते सांगायलाही तो कधी चुकला नाही.

इंदापूरच्या फडावर त्यानं मोठा माइक दुसऱ्याकडं सोपवला. मानपान, इनाम, हरवलेली पोरं, सगळं तिकडं. आपण शंभूराजच्या कॅमेऱ्याशेजारी ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत छोटा माइक घेऊन बसला. लाल-निळं पार सोडून दिलं. "उंच आन् कान मोडलेला, त्यो अकलूजकडचा. बुटका, टक्कल केलेला, त्यो आपला भिगवणचा. मावशी, बुटक्यावर नजर ठेवा," इथून सुरुवात. कुणी पट काढला, म्हणजे वाकून समोरच्याचा पायच ओढला, तर "कळपातलं कोकरू कसं धरतो आपण, मागल्या पायाला, तसं धरलंय." मोळी नावाच्या डावाला तर काही सांगायचीच गरज नव्हती, कारण हातपाय आवळून गड्याची मोळीच बांधायची असते. आणि शेवटी, "ह्यो पालथा हाय, पण हरला न्हाय. भाकरी तव्यावर हाय. वरचा तिला कडंनं उचकटतोय. चिकटली. परत उचकटतोय. बघा हं, बघा... उलटली."

त्या संध्याकाळी बारामतीत, इंदापुरात आणि वडगावात घराघरातून बायका एकदम "उलटली" म्हणून ओरडल्या. दुकानातला फोन पुन्हा वाजत राहिला. पण आता विचारणं होतं, पुढची कॅसेट कवा?

गाणी लावायचा विषय पुन्हा निघाला नाही. जोतीरामची मात्र गाडी अशी सुटली की दर जत्रेला नीळकंठराव आधी त्याची तारीख विचारायचे आणि मग जत्रा कमिटीची. कबड्डीच्या सामन्यांना तो बोलायला लागला, तिथंही जमलं. बारामतीच्या टेनिस बॉल क्रिकेटला बोलला, तिथं मात्र पंचाईत. त्याला क्रिकेटमधलं ओ की ठो कळत नव्हतं. पंचानं पायचीत दिलं की तो सरळ सांगायचा, "बोट वर केलंय. का, ते पंचाला ठाऊक. पोरगं नाराज हाय, चूक पंचाचीच असंल." लोकांना तेही आवडलं. दोन पंचांनी त्याच्याशी बोलणं टाकलं, तेवढं सोडलं तर कुणाचं काही बिघडलं नाही.

तक्रारी होत्याच. इंदापूरचे आबाजी वस्ताद, जुन्या पिढीतले, रावजीच्या बरोबरीचे. त्यांनी जोतीरामला एसटी स्टँडजवळच्या हॉटेलात गाठलं. "जोतीराम, तुज्या बापानं मातीत घाम गाळला आन् तू त्या कुस्तीचा स्वैपाक केलास. भाकरी काय, तवा काय."

जोतीरामनं त्यांच्यासाठी चहा सांगितला. "चुकलं का वस्ताद?"

वस्तादांनी बशीत फुंकर मारली. मग हळूच म्हणाले, "घरची इचारती, परवा त्या पोरानं पट काढताना डावा पाय मागं का ठेवला. एवढ्या संसारात तिनं मला जेवायला वाढू का, एवढंच इचारलं हुतं."

"मग तुमी काय सांगितलं?"

"सांगितलं की सगळं. तिला पटलं न्हाय."

सिंधुबाईचा तर वेगळाच तंटा. तिचा भाचा एका फडात हरला. तिनं ती कॅसेट केबलवाल्याला पुन्हा लावायला लावली, या खेपेला तरी पोरगं सावध होईल म्हणून. पोरगं पुन्हा हरलं. मग ती दुधाची किटली घेऊन थेट डेअरीवर आली. "तुला वरनं समदं दिसत हुतं. त्याच्या मानंवर हात येतोय एवढं त्याला सांगायला काय झालं?"

"मावशी, त्याला माजा आवाज ऐकू जात न्हाय."

"आमाला हितं घरात ऐकू येतुय आन् त्याला तितं समोर बसून येत न्हाय? मला शिकवू नगंस." तिनं किटली पुढं केली. त्या दिवशी तिच्या दुधाची फॅट चांगली लागली म्हणून बरं, नाहीतर काय झालं असतं कोण जाणे.

असं सगळं गाव, दोन तालुके जोतीरामच्या आवाजाला बांधलेले, आणि गोजरबाई गोठ्यात. त्याचा आवाज सुरू झाला की ती वैरण टाकायला उठायची. म्हशीनं त्या दिवसांत जितकी वैरण खाल्ली तितकी कधी खाल्ली नसेल. जोतीरामनं शहाण्णव साली घरात रंगीत टीव्ही आणला. गोजरबाईनं त्यावर जाडजूड टॉवेल टाकला. "घरात एक जोतीराम हाय तेवढा पुरं," ती म्हणाली. तो हसला, पण त्याला लागलं. अनोळखी बायका एसटीत वळून त्याचा आवाज ऐकत होत्या, आणि जिच्यासाठी तो खरा बोलत होता ती तेवढी ऐकत नव्हती.

सत्त्याण्णवच्या उन्हाळ्यात बारामतीला मोठा फड झाला. तिथून जोतीराम आला तो नेहमीसारखा नव्हता. फेटा काढून खुंटीला अडकवला आणि रोहिणीला परसात बोलावून म्हणाला, "चूक झाली. माइकवर वडलांचं नाव घेतलं मी."

तीन वर्षांत त्यानं एकदाही बापाचं नाव घेतलं नव्हतं. निवेदकानं घरचं कौतुक सांगू नये, हे एक. आणि आईच्या कानावर गेलं तर, हे दुसरं आणि खरं. पण त्या दिवशी एका पोरानं ढाक मारली. ढाक हा रावजीचा डाव. जुनी माणसं अजून रावजीला 'ढाकवाला' म्हणूनच ओळखत. पोरानं ती अशी सफाईनं मारली की जोतीरामच्या तोंडून नाव निघून गेलं.

"कॅसेट उद्या लागंल," तो म्हणाला. "उद्याच्याला आईला कुणी काय सांगायच्या आत मीच तिला सांगतो."

"तुमी काय सांगू नका," रोहिणी म्हणाली आणि पदर खोचून आळीत निघून गेली. कशाला गेली ते जोतीरामला दुसऱ्या दिवशी संध्याकाळी कळलं. सिंधुबाई आली, तिच्यामागं आणखी बायका, लेकी, सुना. दार, ओटा, सगळं भरलं. रोहिणीनं सगळ्यांना आवतण दिलं होतं, आमचा टीव्ही रंगीत हाय म्हणून. सासूला तेवढं सांगायचं ती विसरली होती.

गोजरबाई पेचात पडली. घरात आलेल्या बायकांना टाकून गोठ्यात जाऊन बसणं तिच्या रीतीत बसणारं नव्हतं. तिनं रोहिणीकडं एक नजर टाकली, ती नजर रोहिणीनं पाहिलीच नाही. मग तिनं भुईमुगाच्या शेंगांचं सूप घेतलं, दाराशी टीव्हीकडं पाठ करून बसली आणि शेंगा फोडायला लागली. रोहिणीनं टॉवेल काढला. जोतीराम खांबाला टेकून उभा राहिला. कॅसेटमध्ये काय आहे हे घरात फक्त त्याला आणि रोहिणीला ठाऊक होतं, आणि ते आता त्याला थांबवता येणार नव्हतं.

दोन-तीन कुस्त्या झाल्या. बायका "उलटली" म्हणून ओरडल्या. शेंगा कडाकडा फुटत होत्या. मग ती जोड लागली. टीव्हीतला जोतीराम आधी नेहमीच्या सुरात बोलत होता. "आता हे पोरगं काय करतंय ते बघा. हाताचं बळ लावत न्हाय त्ये. मावशी, हिरीवरची भरलेली घागर आठवा. ती कुणी हातानं उचलती का? गुडघा वाकवायचा, कंबर खाली घालायची, घागर अंगाला घट लावायची, आन् पायाच्या चवड्यावर फिरायचं. ह्येनं मान धरली... कंबर खाली घातली... घागर कमरंवर आली... फिरला. गडी आडवा. ही ढाक." आणि मग त्याच दमात, "माजं वडील, रावजी बुरुंगले, अशी ढाक मारायचं."

शेंगांचा आवाज थांबला होता.

गोजरबाई उठली. जोतीरामला वाटलं, गेली गोठ्यात. पण ती वळली आणि टीव्हीसमोर आली. पडद्यावर तोवर हलगी वाजत होती.

"त्यानं काय केलं म्हणालास?" तिनं विचारलं.

"ढाक, आई. वडलांचा डाव."

"नाव ठावं हाय मला. काय केलं ते सांग. घागरीचं."

जोतीराम पुढं झाला. त्यानं गुडघा वाकवला, कंबर खाली घातली. गोजरबाईनं मध्येच त्याच्या पोटरीवर चापट मारली. "ह्यो पाय न्हाय. डावा." तिनं पदर कमरेला खोचला, नसलेली घागर दोन्ही हातांनी धरली, डावा पाय पुढं टाकून ती कमरेवर घेतली आणि चवड्यावर गर्रकन फिरली. सत्तरीकडं झुकलेली ती बाई अशी फिरली की सिंधुबाई दचकून मागं सरकली.

"आई, ही ढाक हाय. तुला कुणी शिकवली?"

"मला कोण शिकवतंय," गोजरबाई म्हणाली. ती खाली बसली. जरा वेळ तिच्या हातांना काय करावं ते सुचेना. "माजं नवं लगीन झालं हुतं. मी हिरीवरनं घागर घिऊन यायची आन् ह्ये लिंबाखाली बसून बघत राह्याचं. म्हणायचं, ठिव खाली, परत उचल. मी परत उचलायची. म्हणायचं, पाय कुठला टाकलास पुढं? परत दाव. भरल्याली घागर. मला वाटायचं, माजी चाल वाकडी हाय म्हणून माणूस माजी थट्टा करतुय. एकदा मी रडले बी. सासू म्हणाली, येडा हाय त्यो, तू लक्ष दिऊ नगं."

"मग?" रोहिणीनं विचारलं.

"मग काय. त्या साली जत्रंवरनं आलं ते मोठा फेटा बांधून आलं. लोक दारात उभं राहून ढाक ढाक करत हुतं. मी आपली मागं चुलीपाशी. मला काय ठावं, ढाक म्हणजे काय असती."

जोतीराम तिच्यासमोर मांडी घालून बसला. तो रडत होता आणि हसतही होता, आणि त्याला त्याची काही लाज वाटत नव्हती. ज्या डावासाठी दोन तालुके त्याच्या बापाचं नाव घेत होते, तो डाव त्याच्या घरातून, आईच्या कमरेवरून फडावर गेला होता.

"मला कवाच बोललं न्हाईत," गोजरबाई म्हणाली.

"लाजलं असतील," सिंधुबाई म्हणाली. "पैलवानानं बायकूकडनं डाव घेतला, असं कसं सांगणार चारचौघांत?"

"चारचौघांत कशाला? मला सांगायचं." गोजरबाई हसायला लागली. तिचा सगळा चेहरा त्या हसण्यात बदलून गेला. रोहिणीनं लग्न होऊन आल्यापासून सासूला असं हसताना पाहिलं नव्हतं. "येड्यानं सांगितलं असतं, तर आणखी दोन घागरी उचलल्या असत्या की."

टीव्हीवर पुढची जोड मातीत उतरली होती. गोजरबाईनं डोळे पुसले, सूप जवळ ओढलं आणि टीव्हीकडं तोंड करून बसली. "गप बसा गं," ती बायकांना म्हणाली. "ऐकू द्या, काय म्हणतोय त्यो."